बैठकीतले संवाद

२ जानेवारी १९८९, पहाटे ५
आजपासून रोज पहाटे तीन पानं. टीव्हीसाठी तेरा भागांची मालिका, गावाकडच्या लग्नाची. मुंबईचे एक निर्माते जळगावला आले होते तेव्हा स्वतः म्हणाले, लिहून पाठवा. मालिकेचं नाव ठरायचंय. बक्षीस समारंभातलं भाषण तयार आहे.

५ जानेवारी
थंडी. संध्याकाळी लिहीन.

१९ जानेवारी
ऑफिसातल्या तोतारामला पहिला भाग वाचून दाखवला. म्हणाला, तुझी माणसं सातबाऱ्याच्या उताऱ्यासारखी बोलतात. तो तलाठ्याचा मुलगा, त्याला दुसरं काय सुचणार. पण अस्सल संवाद मिळवायला हवेत.

४ फेब्रुवारी
संधी चालून आली. यावलला माझ्या मोठ्या भावाकडे, जीवरामभाऊकडे, सुनंदाच्या लग्नाची बैठक आहे. भाऊची थोरली. आधीची तीन ठिकाणं मोडली, त्या काळजीनं भाऊ निम्मा झालाय. म्हणाला, चुडामण, तू शिकलेला, जोडीला बस, बोलणं सांभाळ. दोनशेपानी वही घेतली.

१२ फेब्रुवारी, यावल, दुपारी ४
असा प्रसंग घरी बसून सुचला नसता. रावेरचे पाहुणे, मधोमध मुलाचे आजोबा उखर्डूनाना. मानपान, पोशाख, मोटारसायकल. मी शब्द न् शब्द उतरवत होतो. मोटारसायकलीच्या मुद्द्यावर नाना भरभर बोलले म्हणून म्हटलं, नाना, हे पुन्हा जरा सावकाश सांगा. नानांनी वहीकडे पाहिलं. विचारलं, कोर्टात दाखवाले लिही राह्यला का? हुंड्याच्या केसेस हल्ली पेपरात येतात ना. मी समजूत घातली, छे, टीव्हीवर दाखवायला.
पाहुणे चहा न घेता उठले. भाऊ जीपमागे रस्त्यापर्यंत धावला, टोपी हातात घेऊन. तेही टिपलं. चौथ्या भागाचा शेवट मिळाला.

१४ फेब्रुवारी
मंदा बोलत नाही. बायकोला कलेतलं कळावं ही अपेक्षाच नाही. मालिका लागली की रावेरकर आपण होऊन येतील.

२० मार्च
मुंबईहून मालिकेचं पाकीट परत. उघडलेलंच नाही. शिक्का : या पत्त्यावर राहत नाहीत. म्हणजे नाकारलेलं नाही. नवा पत्ता शोधणे.

९ एप्रिल
रावेरच्या मुलाचं लग्न दुसरीकडे लागलं. तोताराम जेवून आला. पाचव्या ठिकाणानं तर पोरगी न बघताच कळवलं, ज्या घरात बोलणं लिहून ठेवतात तिथे सोयरीक नको. भाऊला पत्र लिहायचं ठरवलं. उद्या.

१६ एप्रिल
भाऊचं पत्र राहिलं. पाचवा भाग अडलाय.

२३ एप्रिल
सुनंदा आली. एकटीच, यावलच्या बसनं, पुढे पिंप्राळ्याला आमच्या घरापर्यंत रिक्षा. वाटलं भांडेल. नाही भांडली. मंदाबरोबर पोळ्या लाटल्या. मला माफी मागायची होती, आणि मी तासभर मालिकेची कथा सांगत बसलो. तिनं सगळी ऐकली. निघताना म्हणाली, काका, तुह्या सिरियलमधी तरी माह्यं लगीन लावजो.
ती गेल्यावर वही काढली. तिच्या तोंडचं एखादं वाक्य सापडेल म्हणून सगळी बैठक वाचली. नानांचं बोलणं आहे, भाऊचं आहे, मुलाच्या मामाचा खोकलासुद्धा आहे. सुनंदाबद्दल एकच ओळ : मुलगी आत पोहे करते आहे. तो मुलगा तिला पसंत होता का, हे मी तेव्हा विचारलं नाही, आजही नाही.
फार लाज वाटली. आज काही लिहिलं नाही.