त्या नावाची इथं कोणी नाही

सोम., ३ मार्च
लॅबमध्ये पोलीस. रक्त द्यायला आलेली माणसं बाकावर, आणि हवालदार मोठ्यानं, "रंजना कोण हाय हितं?" पोरी एकमेकींकडं बघायला लागल्या. मी सगळ्यांना अस्मिता. लग्नात तांदळावर नाव लिहिलं तेव्हापासून. डिप्लोमा तेवढा जुन्या नावावर, म्हणून डॉक्टरांना माहीत. त्यांनी माझ्याकडं बोट केलं.
वसुलीचं वॉरंट. अण्णानं, माझ्या बापानं, माझ्याकडून पोटगी मागितली आणि कोर्टानं मंजूरसुद्धा केली. मला न विचारता! हातातली सुई खाली ठेवली.

मंगळ., ४ मार्च
रजा टाकली. राजारामपुरीत वकीलबाईंकडं. हुकूम एकतर्फी. समन्स गडमुडशिंगीला आमच्या घरी आलं होतं. बेलीफचा शेरा: 'त्या नावाची इथं कोणी नाही, असे घरातील वृद्ध महिलेने सांगितले.' मग दारावर डकवलं. मी टाळतेय असं कोर्टानं धरलं.
त्याचं म्हणणं वाचलं. 'मुलगी कमावती असून म्हातारपणी विचारत नाही.' मी चौथीत असताना निघून गेलेला माणूस! आई शाहूवाडीत लोकांच्या चिखलात भात लावून मला शिकवत होती. तिच्या मातीलाही आला नाही. हे कोर्टाला कोण सांगणार? द्यायचं की नाही ते नंतर ठरवा. आधी माझं ऐका!
घरी आले. 'वृद्ध महिला' शेंगा फोडत बसलेली. सासूबाईंना विचारलं.
"व्हय, मीच सांगितलं. कोर्टाचा माणूस दारात, सगळी गल्ली बघतीया. रंजना हितं न्हायच की. नाव आम्हीच बदललंय."
"आणि दारावरचा कागद?"
"चुलीत घातला."
हे म्हणतात, "आईला कोर्टात ओढू नकोस." मला ओढलंय ते चालतं. जेवले नाही.

शुक्र., ७ मार्च
हुकूम रद्द करून पुन्हा ऐका, असा अर्ज टाकायचाय. तीन महिन्यांची मुदत, संपत आलीय. समन्स माझ्यापर्यंत पोचलंच नाही हे सांगायला सासूबाईंचं प्रतिज्ञापत्र हवं.
"मी खोटं बोलले असं लिवून देऊ?"
"होय."
"न्हाय जमायचं."
ह्यांनी पेपर तोंडासमोर धरला. नाव ह्यांनी पुसलं, भोगायचं मी. डोकं नुसतं

बुध., १२ मार्च
आज सकाळी सासूबाई स्वतःच लुगडं नेसून गाडीपाशी उभ्या. "चल. कुठं सही करायची?" एकेक अक्षर कोरत सही केली. "माझी अब्रू गेली बघ."
माझी गेली भर लॅबमध्ये. तेव्हा कोण हळहळलं? अर्ज मुदतीत पडला.

सोम., २४ मार्च
सुनावणी. सासूबाईंना आत उभं केलं. "व्हय साहेब, म्या खोटं सांगितलं. सुनंला काय ठावं नव्हतं." आवाज कापत होता. अण्णाचे वकील म्हणे, सगळं सासू-सुनेचं संगनमत. निर्णय राखून ठेवलाय, पुढची तारीख एप्रिलमध्ये. ऐकतील की नाही, वकीलबाई काही सांगत नाहीत.
बाहेर व्हरांड्यात तो. वाळलाय. मी बघायचं नाही असं ठरवलं होतं. मागून हाक आली, "रंजे!" आई मारायची तशीच.
"जेवलीस का?"
चौथीनंतर आज विचारतोय! तोंडावर काय काय फेकावं असं झालं. तेवढ्यात सासूबाई मधे येऊन उभ्या राहिल्या.
"पावणं, त्या नावाची हितं कोण न्हाय."
आत्ताच आत ह्याच वाक्याला खोटं म्हणून आल्या होत्या. वकीलबाईंनी कपाळाला हात लावला.
गाडीवर मागं बसून त्यांनी माझा खांदा धरला होता. घट्ट. गडमुडशिंगी येईपर्यंत.
सगळ्यात जास्त राग माझा मला येतोय. त्या नावानं हाक मारल्याबरोबर मी का वळले?