बाबांची पानं

४ ऑगस्ट २००३
सकाळी आठला बाबांच्या संवादांची पानं वाचली. रीत ठरलेली: इतर सर्वांची वाक्यं मी वाचायची, बाबांनी केवळ स्वतःची म्हणायची. मी चौथीत असल्यापासून हे चालू आहे. तेव्हा ते कारखान्यातून सुटून आले की खडकीच्या क्वार्टरमध्ये सराव होई. मग नोकरी सोडली. नाटकं, चित्रपट, आता ही रोजची मालिका. खलनायक, न्यायाधीश, कीर्तनकार, एकदा तर विधवा आत्या. आई म्हणते, "सगळ्या भूमिका झाल्या, घरातली तेवढी राहिली."

आज बाबा एकाच वाक्यापाशी चार वेळा थांबले. पाणी आणण्याच्या निमित्ताने मी उठले. माझा चेहरा त्यांना दिसू नये म्हणून.

७ ऑगस्ट
कर्वेनगरच्या बंगल्यात चित्रीकरण. प्रसंग: मुलगी घर सोडते, निवृत्त मास्तर बाप, म्हणजे बाबा, तिला आशीर्वाद देतो. बाबा तिच्याकडे बघत राहिले आणि म्हणाले, "या दाराची किल्ली माझ्याकडे नाही. असती तरी दिली नसती."

दिग्दर्शक उठून आला. "काका, कुठून आणलंत हे? हेच ठेवू. आता क्लोजअपला पुन्हा."

"काय पुन्हा?" बाबांनी विचारलं.

सेटवर हशा. काका फिरकी घेतात, असं सर्वांना वाटलं.

ते वाक्य जेलरचं आहे. कारखान्याच्या नाट्यस्पर्धेत बाबांनी केलेल्या भूमिकेतलं. त्याची पानं मीच धरली होती. कोपऱ्यातून मी ते वाक्य सांगितलं. सेटवर मी प्रथमच बोलले असेन. दिग्दर्शक म्हणाला, "अरे वा, मुलगी बोलते की."

बाबा माझ्याकडे बघत नव्हते.

८ ऑगस्ट
आईला सांगायचं ठरवलं. शब्द जुळवले. तिने विचारलं, "काय गं, घुम्यासारखी का बसलीस?" नुसतं "काही नाही" म्हटलं. बोर्डात आलेल्या मुलीला घरात एक वाक्य…

१३ ऑगस्ट
बाबांना "रक्तदाब बघू" म्हणून डॉक्टरांकडे नेलं. खरं कारण डॉक्टरांना आधी फोनवर कसंबसं सांगितलं होतं.

डॉक्टरांनी तारीख विचारली. बाबा म्हणाले, "तारखा मुलगी सांभाळते. आम्ही फक्त वेळेवर हजर."

लक्षात ठेवायला तीन शब्द दिले, थोड्या वेळाने पुन्हा विचारले. "तीन शब्दांसाठी मी तोंडाला रंग लावत नाही, डॉक्टर. निदान दोन पानं द्या."

डॉक्टर पोट धरून हसले. त्यांच्या मातोश्री मालिका चुकवत नाहीत म्हणे. मला म्हणाले, "अहो, यांना काय धाड भरलीय? तुम्हीच जरा पुस्तकांतून डोकं बाहेर काढा."

बाबांनी एकाही प्रश्नाचं उत्तर दिलेलं नव्हतं. हे त्या खोलीत फक्त मला कळलं.

जिना उतरताना बाबांनी माझा हात धरला. हळूच विचारलं, "जमलं का गं?"

१४ ऑगस्ट
आपण विसरतो आहोत, हे बाबांना माहीत आहे. मला वाटत होतं, ते फक्त मला माहीत आहे. भीती त्यामुळे दुप्पट झाली. अर्धी व्हायला हवी होती.

१६ ऑगस्ट
एक तारखेपासून माझी कंपनीतली नोकरी सुरू. बस सव्वासातला. मग पानं कोण वाचणार? बाबांनाही तेच विचारायचं असावं. विचारलं मात्र वेगळंच. "डॉक्टरांकडे पुन्हा जाणार आहेस?"

मी पानं गोळा करू लागले.

"सेटवरून उतरवतील मला. मग घरी बसून मी कोण व्हायचं, ते सांग."

१८ ऑगस्ट
बोलता येत नाही, लिहिता येतं. डॉक्टरांना पत्र लिहिलं, दीड पान. काय पाहिलं, कोणत्या दिवशी, एवढंच. विशेषण एकही नाही. दवाखाना पाचला उघडतो.

चारला निघत होते तेवढ्यात बाबांनी उद्याची पानं पुढे केली. "वाचून जा." लांबलचक प्रसंग. मी वाचत गेले, ते म्हणत गेले. कुठेही अडले नाहीत, एक शब्द इकडचा तिकडे नाही. इतकं सुंदर की मीच एकदा ओळ चुकले.

"बघ," ते म्हणाले. "म्हणजे तसं काही नाही ना?"

पावणेपाच. पाकिटावर डॉक्टरांचं नाव घातलं आहे. अजून चिकटवलेलं नाही.