नुसतीच गुणगुणणारी कडबाकुट्टी

प्रिय शेवंता,

एस.टी.त उभा जन्म गेला, मुक्कामाच्या गाड्या केल्या, पण तुला कधी पत्र लिहिलं नाही. लिहायचं तरी काय? दुसऱ्या दिवशी तर मी दारात हजर असायचो. आता तुझं वर्षश्राद्ध पंधरवड्यावर आलंय आणि आज पहिल्यांदा कागद पुढ्यात घेतलाय. आठवण आली म्हणावं, तर आठवणीला कागद कुठे लागतो? लिहितोय ते तुझी कडबाकुट्टी अडून बसली म्हणून. बंद पडली असंही म्हणवत नाही गं. बटण दाबलं की गुणगुणते. पातं मात्र जागचं हलत नाही. वर्गात उभ्या केलेल्या पोराला कवितेची चाल आठवावी आणि शब्द आठवू नयेत, तशी!

आणि आज संध्याकाळी हरणीला बघायला आळेफाट्याचा व्यापारी येतोय.

दचकलीस ना? मीही दचकलो. घोडेगावहून, तुझ्या माहेरून, एवढीशी कालवड होती तेव्हा टेम्पोत मांडीशी धरून आणलेली तुझी हरणी! पण आपल्या शेखरनं चाकणहून फोनवर हिशोबच मांडला. "आण्णा, कोयत्यानं कुट्टी करायचं तुमचं वय राहिलंय का? मशीन चालत नसेल तर गाय देऊन टाका. आणि गाय गेल्यावर त्या पठारावर एकटे कशासाठी राहता? इकडे या." बघ कसं एकात एक गुंफलंय पोरानं. मशीनला गाय बांधली, गाईला घर आणि घराला मी. एक सुटलं की सगळंच सुटलं. आणि त्याचं चुकतं तरी कुठे? बिबट्याच्या बातम्या रोज त्याच्या कानावर जातात.

म्हणून गेले काही दिवस मी, चौथीच्या कविता अजून चालीवर म्हणणारा माणूस, विजेचा अभ्यास करतोय. हसू नकोस!

पहिला आला तो शेजारचा बिरू. मेंढरं बांधावर सोडून गोठ्यात शिरला, खिशातला टेस्टर प्लगात खुपसला आणि ओरडला, "आण्णा, करंट तर लई हाय! दिवा बघा कसा पेटलाय."

"मग मशीन फिरत का नाही?"

"मंग मशीनच नाटकं करती."

झालं निदान. दुसऱ्या दिवशी संपत वायरमनला बोलावलं. त्यानं आधी मोटारीचा कंडेन्सर बदलला. तरी तेच गुणगुणणं. मग त्यानं मीटर काढला, त्याच्या दोन सुया प्लगात घातल्या. आकडा आला दोनशे तीस. "बघा, व्होल्टेज फुल," म्हणाला. मग मला बटण दाबायला लावलं. शेवंता, तो आकडा घसरगुंडीवरून पोरगं यावं तसा खाली आला! बटण सोडलं, की पुन्हा वर जाऊन बसला.

मी म्हटलं, "अरे, वीज आहे का नाही ते एक काय ते सांग."

"हाय बी आन न्हाई बी."

आता सांग, मी यातून काय समजायचं? मागितलं नाही तोवर भांडार भरलेलं, मागितलं की हात वर! तू असतीस तर पदराआड हसून म्हणाली असतीस, "अवं, आपल्या सोयऱ्यावाणी हाय म्हना की!"

संपतनं मग बसून समजावलं. व्होल्टेज म्हणजे टाकीची उंची, मागून लागणारा दाब. करंट म्हणजे पाइपातून पळणारं पाणी. आणि रेझिस्टन्स म्हणजे पाइपाची अडवणूक. पाइप जितका बारीक आणि जितका लांब, तितकी ती जास्त. "नळ बंद असला का शेवटापतुर दाब फुल. नळ सोडला का लांबच्या टोकाला करंगळीएवढी धार. बिरूभाऊचा टेस्टर पेटला, तवा दाब व्हता. पाणी वाहतच नव्हतं."

हे मला कळलं. खरंच कळलं! म्हणून उत्साहानं विचारलं, "मग मधेच वायर तुटली तर वीज खाली सांडत कशी नाही?"

संपतनं माझ्याकडं असं पाहिलं, की मला तूच आठवलीस. "आण्णा, उदाहरण हाय ते. लई ताणू नका."

मी थोडंच थांबतोय? "बरं, दोन तारा कशाला लागतात?"

"एकीनं करंट जातो, दुसरीनं परत येतो."

"किती परत येतो?"

"जेवढा गेला तेवढाच."

"तेवढाच? मग आपण वापरलं काय?"

"दाब," असं म्हणून त्यानं घड्याळ बघितलं.

त्या दिवसापासून मी हे कोडं घेऊन शिवारभर हिंडतोय. जेवढा गेला तेवढाच आला, तरी काहीतरी खर्च झालं! शेवटी उत्तर सापडलं ते माझ्या गाडीत. आळेफाट्याहून निघालेली गाडी घाट चढून आपल्या आणे गावाला येते, तीच गाडी माघारी जाते. चाकं तेवढीच, बाकडी तेवढीच. खर्च होतं ते डिझेल. रिकामी गाडी असली की घाट जाणवतही नाही, आणि बाजारच्या दिवशी टपापर्यंत भरली की त्याच घाटात कशी धापा टाकते! मग आपली वायर म्हणजे तो घाट, असंच ना? भार नसताना घाट कुणाला दिसत नाही. बरोबर असेल का गं हे? खोडदवरून जाताना त्या रेडिओ दुर्बिणीच्या मोठाल्या तबकड्या दिसायच्या ना, त्यांना म्हणे आकाशाच्या पार पलीकडून आलेलं ऐकू येतं. त्यांना तर मधे तारच नाही! मग तिथे घाट कुठला? की पुन्हा मी लई ताणतोय?

असो. पाठ राहावं म्हणून मी आपलं जुळवून ठेवलं, आपल्या शाळेच्या चालीवर:

दाब लावितो जोर मागुनी, तार अडविते धरुनी काठी;
दोघांच्या त्या झटापटीतुन उरेल ते ये यंत्रासाठी.

काल बिरू संपतला पुन्हा घेऊन आला, तेव्हा संपतला म्हणून दाखवलं. तो म्हणाला, "हां, आसंच काहीतरी." पसंती आहे की सुटका, ते समजलं नाही.

मग तो म्हणाला, "जरा वायरीला हात लावा." घरापासून विहिरीकडच्या गोठ्यापर्यंत मीच ती ओढलीय, दुकानातून हलकी म्हणून आणलेली. वरून हात लावला तर कोमट! मशीन फिरत नाही आणि वायर तापते?

"आण्णा, ही बल्बाची वायर. हिच्यावर एवढ्या लांबनं मोटार चालवता? मशीन अडून बसली का फिरणाऱ्या मशीनपेक्षा जास्ती वढती. जेवढी जास्ती वढती, तेवढं जास्ती वाटंतच जळतं. मंग तिच्यापतुर जोर पोचंल कसा?"

अडून बसलेलं उलट जास्त ओढतं. बाकी सगळं डोक्यावरून गेलं, पण हे वाक्य मला का कोण जाणे एकदम पटलं.

"जाड केबल टाका हितून तितपर्यंत," संपत म्हणाला, "न्हाईतर..."

"न्हाईतर काय!" बिरू मधेच बोलला. "पैल्या जागी गपगुमान फिरत व्हती ना? मंग न्या की परत! एवढ्याला शाळा कशाला भरवली?"

संपत हसला. मी "बघू" म्हणालो आणि उगाच हरणीच्या पुढ्यातलं सरमाड सारखं करत बसलो.

न्या की परत. बिरूला काय जातंय सांगायला?

पहिली जागा म्हणजे स्वयंपाकघराचं दार. तुझी जागा. वर भिंतीला मीटर, खाली कुट्टी, आणि उंबऱ्याच्या आत तू. पंधरा-वीस दिवसांपूर्वी मशीन गोठ्याकडे हलवली आणि तिथेच ती अडली; पण हलवताना सगळ्यांना मी पटेल असं कारण दिलं. गाय विहिरीपाशी, मग कुट्टी घरापाशी करून पाट्या वाहायच्या कुणी? सगळ्यांनी माना डोलावल्या. शेखर तर म्हणाला, "हे आधीच करायला पाहिजे होतं." खरं कारण विचारलं कुणी? विचारलं असतं तर सांगता आलं असतं का?

तुला आठवतंय ना? मी पेंढ्या सारता सारता कविता म्हणायचो आणि तू पिठाच्या हातानं दारातून डोकं बाहेर काढायचीस. "अवं कंडक्टर! हात सांभाळा. कविता मंग म्हना!" तू गेल्यावर पहिल्यांदा बटण दाबलं, तेव्हा मशीन सुरू झाली आणि मी दाराकडे बघितलं. दुसऱ्या दिवशीही बघितलं. रोज बघायचो. दार नुसतं दार असायचं. मग एके दिवशी ठरवलं, दारही दिसणार नाही आणि मान वळणार नाही इतक्या लांब न्यायची ही. सगळं शिवार मधे घातलं, शेवंता. आणि मान तरी राहिली का सरळ? गोठ्यातूनही घराकडेच वळायची.

आता तुझ्यावरचा राग ऐक. इतकी वर्षं मी कुरकुरायचो, चहात भुसा पडतो, आवाजात माझी कविता बुडते, लांब ने हे धूड! आणि तू एकच म्हणायचीस, "हितंच ऱ्हाऊ द्या. लांब गेलं का दम टिकत न्हाई." कसला दम, हे का नाही सांगितलंस? व्होल्टेज पडतं हे तुला ठाऊक होतं? कुण्या वायरमननं कानात सांगितलं होतं? की पात्याजवळ माझे हे स्वप्नाळू हात आहेत, म्हणून तुला मशीन नजरेपुढे हवी होती? मीही कधी विचारलं नाही. आता विचारतोय, तर उत्तर कुठून येणार! दोन तारा लागतात म्हणतो संपत, एक जायला आणि एक यायला. माझ्याकडे तर जाणारीच आहे.

थांब. बिरू हातगाडी घेऊन आलाय. मी त्याला बोलावलं नव्हतं. आता उठावं लागणार.

*

पुन्हा बसलोय. ऊन कलंडलंय. शेजारी ठेवलेला चहा निवला आणि, शेवंता, त्यात भुसा पडलाय!

कुट्टी हातगाडीवर चढवताना आम्हा दोघांच्या नाकी नऊ आले. बांधापाशी चाक रुतलं तर बिरू म्हणतो, "आण्णा, बंद पडलेल्या एस.टी.ला धक्का मारायची सवय हाय ना? मारा आता!" मी म्हटलं, "अरे, धक्का पॅसेंजर मारायचे, मी घंटी वाजवायचो." तसा तो म्हणाला, "मंग घंटी वाजवा, पन वाजवता वाजवता ढकला!" कितीतरी दिवसांनी मी मोठ्यानं हसलो. हसताना आपलाच आवाज ओळखीचा वाटेना.

दाराशी आणून टेकवली. मीटरखालच्या जुन्या बोर्डात पिन घातली. बटण दाबलं. ती आधी गुणगुणली. बिरूनं श्वास धरला, मीही धरला. आणि मग अशी काही सुटली म्हणतेस! "गेली! गेली!" बिरू नाचायला लागला, त्याची मेंढरं बुजून पांगली, आणि तो शिव्या देत त्यांच्यामागे पळाला.

मी एकटाच उरलो. एक पेंढी सारली. कुट्टी भुरभुर उडायला लागली. पुढची पेंढी उचलली आणि मान आपसूक दाराकडे वळायला लागली. मी आधी हात बाजूला घेतला. मग वर बघितलं.

दारच होतं. पण मी बघत राहिलो. या वेळी पळालो नाही.

व्यापाऱ्याला फोन करून येऊ नका म्हणालो. "गाय चांगली हाय, आण्णा, इचार करा," तो म्हणाला. मग शेखरला फोन लावला. त्यानं मी काही बोलायच्या आधीच विचारलं, "मागनं कुट्टीचा आवाज येतोय का हो?" मी हो म्हटलं. तसा तो हळूच म्हणाला, "दाराशी आणली?" त्याला आवाजावरून कळलं बघ! पुढे लगेच सावरून बिबट्यावर आला. मी म्हटलं, हरणीलाही दाराशीच बांधतो, उद्याच छपराचे खांब रोवतो, रात्रभर दिवा ठेवतो. "बघू," म्हणाला. माझाच शब्द. पण चाकणला या असं आज म्हणाला नाही.

वीज मला अजून समजलेली नाही. तार तुटली तरी ती सांडत का नाही, आणि जेवढं गेलं तेवढंच आलं तर संपला तो दाब गेला कुठे, हे विचारलं की संपत पुन्हा घड्याळ बघणार. विचारीन कधीतरी, तो सवडीत असला की.

तुला मात्र शब्द देतो. कुट्टी आता इथून हलणार नाही. चहातल्या भुशाबद्दल कुरकुरणार नाही. रोज बटण दाबलं की दाराकडे बघीन, पण आधी हात बाजूला घेईन. कविता मग म्हणीन.

हरणी हंबरतेय. तिला आणायला निघतो.

तुझा,
कंडक्टर