दोनशे कडुनिंबं

नगरपंचायतीच्या मुख्याधिकारी साहेबांस चाकूरहून श्रीमंतचा रामराम.

रस्त्याकडंच्या दोनशे कडुनिंबांना तीन वर्षं पाणी घालायचा ठेका तुम्हीच दिला, अन् दीड वर्षात नोटीस न देता मोडला. कुंपणानंच शेत खाल्लं.

लातूरचे वकील म्हणाले, "काका, ठेका परत मिळायचा न्हाई, भरपाई मिळंल. झाडं वाळू द्या. तुमच्या कामाचं मोल कोर्टाला तवाच दिसंल."

साहेब, लेकरू उपाशी ठेवून कुणी फिर्याद लावतं का? मी अजून रोज बैलगाडीवर पाण्याचं पिंप नेतो. म्हणून तर हे पत्र पेटीत टाकत नाही. माझ्याच सहीनं माझा दावा बुडंल.

तुम्ही हीच हिरवी झाडं कोर्टाला दाखवून विचारणार, "ठेका मोडून काय बिघडलं?" खुशाल विचारा.

तुम्ही काढून टाकलेला,
श्रीमंत