तुमच्या भावाच्या कवळीची खुशाली

परभणी,
सोमवार, दुपार

तीर्थस्वरूप अक्कांस, धम्मशीलाचा सप्रेम जयभीम.

आम्ही दोघं इकडे बरे आहोत. तुमचा गुडघा, तुमची बीपीची गोळी आणि तुमची शेळी, तिघांचीही खुशाली कळवावी. (निकिता, आजीला पत्र वाचून दाखवणारी तूच असणार म्हणून सांगते. मी कंसात लिहिलेलं मोठ्यानं वाचायचं नाही. कंस फक्त तुझ्यासाठी आहेत.)

फोन सोडून पत्र कशाला, असं तुम्ही म्हणाल. अक्का, तुमचा फोन कायम स्पीकरवर असतो, आणि तुमच्या ओट्यावर मानवतची निम्मी गल्ली निवडायला, टिपायला बसलेली असते. इकडे तुमचे भाऊ माझ्या शेजारीच असतात. शिवाय बोर्डिंगमध्ये आमच्या सिस्टर अगाथा सांगायच्या की नाजूक गोष्ट पत्रात लिहावी, पत्राला मध्येच कुणी तोडत नाही. तुम्ही तोडता. रागावू नका.

मागच्या महिन्यात तुम्ही म्हणालात की तुझ्याच्यानं माझा भाऊ सांभाळणं होत नसलं तर मी येते आणि त्याला मानवतला घेऊन जाते. ते मला लागलं. लागलं याचं कारण त्यात खोटं काही नव्हतं. सप्टेंबरात कवळी बसवल्यापासून त्यांचं सात किलो वजन उतरलं होतं. पण ते का उतरलं हे मी तुम्हाला सांगितलं नव्हतं, कारण त्यांनी शपथ घातली होती. आज ती शपथ मोडते.

कवळी बसवून पाचवा दिवस होता. हे ती लावून मोठ्या ऐटीत संध्याकाळी कट्ट्यावर गेले. भागवतरावांनी (आमचे शेजारी, ह्यांच्याच शाळेत गणित शिकवायचे) गरम भज्यांचा पुडा आणला होता. ह्यांनी मिरचीचं भजं दातात धरून ओढलं, तर भजं हातात आलं आणि वरची कवळी भज्याला लागून आली. कुणीही हसलं नाही. सगळे एकदम समोरच्या लिंबाच्या झाडाकडे बघायला लागले. हसले असते तर हेही हसले असते आणि विषय तिथंच मिटला असता. पण आपले लोक फार चांगले आहेत, त्यांनी दोन महिने तो विषयच काढला नाही. दोन महिने हे कट्ट्यावर गेले नाहीत. कवळी कोनाड्यातल्या वाटीत पाण्यात, आणि हे आतल्या खोलीत भिंतीकडे तोंड करून वरणभात कालवून खाणार. अडतीस वर्षं इतिहास शिकवताना ज्यांचा आवाज मैदानापर्यंत पोचायचा, ते मीठसुद्धा बोटानं मागायला लागले. माझ्याशीही बोलताना तोंडावर रुमाल. अक्का, बेचाळीस वर्षं झाली लग्नाला. मी त्यांना काविळीत पाहिलं आहे, घोड्यावर पाहिलं आहे. आता रुमाल कशाला?

अशात लेकीनं, प्रियांकानं, पुण्याहून एक व्हिडिओ पाठवला. दोन वर्षांपूर्वी तिनं मला ओव्हन घेऊन दिला होता. त्यात मी दोनदा केक केला आणि एरवी पापडाचे डबे ठेवले, हे कळल्यापासून ती असं काहीबाही पाठवत असते. व्हिडिओत एक दाढीवाला माणूस ओव्हनमधून बरगड्यांची अख्खी फळी काढतो, दोन बोटांनी हाड धरून ओढतो, आणि हाड कोरडं ठाक बाहेर येतं. मांस जागच्या जागी. त्या माणसाला दात होते की नव्हते, दाढीमुळे दिसलं नाही; पण लागले नाहीत एवढं खरं.

आणि मला एकदम बोर्डिंगचा ईस्टर आठवला. बाबा मिशनच्या दवाखान्यात कंपाउंडर, म्हणून मी तिथं. सबंध बोर्डिंगात जयभीमवाली मी एकटी. सिस्टर अगाथा सकाळीच पाव काढून झालेल्या भट्टीत मांसाचा मोठा तुकडा मातीच्या भांड्यात झाकून ठेवायच्या आणि झाकणाला कणीक लावून टाकायच्या. मग प्रार्थना, मग गाणी, मग पुन्हा प्रार्थना. आम्हा मुलींचं कुणाचंच लक्ष प्रार्थनेत नसायचं. मी तेव्हा आठ वर्षांची, पुढचे चारही दात पडलेले. त्यांनी सगळ्यात मऊ तुकडा काढून माझ्या ताटात ठेवला आणि इंग्रजीत म्हणाल्या की जिला दात नाहीत तिला आधी. मला इंग्रजी यायचं नाही, पण ते कळलं. तर मी ठरवलं की ह्यांना आधी.

मूळ कृती मोठ्या जनावराच्या बरगड्यांची. आपण बोकडावर भागवायचं ठरवलं. चिंच, गूळ, टोमॅटो, लसूण आणि आपला येसूर मसाला घालून वरून माखायचं दाट सार मी तयार केलं. ते जमलं. अडलं ते महेबूबभाईंच्या दुकानात. मी म्हटलं, बरगड्यांची फळी अख्खी द्या, तोडू नका. ते हो म्हणाले, फळी ओंडक्यावर ठेवली, माझ्याकडे बघून प्रियांका कशी आहे विचारलं, आणि विचारता विचारता सत्तूर चालवून बारा तुकडे केले. दोघंही तुकड्यांकडे बघत राहिलो. त्याचा रस्सा केला. शुक्रवारी पुन्हा गेले. पुन्हा तेच, ह्या वेळी पाऊसपाण्याबद्दल बोलताना. बिचारे खरंच ओशाळले. “बाई, पस्तीस साल हो गये,” म्हणाले, “ये हात मेरी नै सुनता.” मग रविवारसाठी दोन्ही बाजूंच्या फळ्या अख्ख्या ठेवायचं त्यांनी कबूल केलं आणि विचारलं, एवढं अख्खं कशाला लागतं, घरी कंदुरी आहे का?

आता मी काय सांगणार? दुकानात सहा गिऱ्हाइकं उभी. नवऱ्याच्या कवळीची गोष्ट तिथं कशी काढायची? मी म्हटलं, “तसंच समजा.” 

अक्का, तुम्ही डोक्याला हात लावला असेल. (निकिता, तुला माहीत नसेल म्हणून: कंदुरी म्हणजे नवस फिटल्यावर घालायचं बोकडाचं जेवण. त्याला आमंत्रण लागत नाही. कानावर आलं की जायचं, आणि आपलं ताट-तांब्या आपण न्यायचं.) आपल्या घरात नवस नाही, देव नाही, भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब. कुणी विश्वास ठेवेल असं मला वाटलंच नाही.

रविवारी मी महेबूबभाईंच्या समोर उभी राहिले आणि फळ्या पिशवीत पडेपर्यंत त्यांना एक शब्द बोलू दिला नाही. दहाला फळ्या माखून, वर चांदीचा कागद गच्च लावून ओव्हनमध्ये ठेवल्या. आच मंद, आणि साडेतीन तास दार उघडायचं नाही. सिस्टर अगाथांची कणीक आठवून मी ओव्हनच्या दाराला खुर्ची लावून तिच्यावर बसूनच राहिले. शेजारच्या गीताबाई तीनदा येऊन गेल्या. शिट्टी नाही, वाफ नाही, हे शिजणार कसं, असं त्यांचं म्हणणं. बाराच्या सुमाराला वास सुटला. आतल्या खोलीत पेपर वाजायचा थांबला. मला तेवढंच हवं होतं.

सव्वा वाजता फाटक वाजलं. बघते तर भागवतराव, बगलेत ताट, हातात तांब्या. त्यांच्या मागं कट्ट्यावरचे नागनाथराव, त्यांचे मेहुणे, आणि ज्यांना मी जन्मात पाहिलं नाही असे दोघं. एकूण नऊ. प्रत्येकाची बगल चमकत होती. भागवतराव फार अदबीनं म्हणाले, “वहिनी, तुमच्यात नवस करत न्हाईत हे आमाला ठावं हाय. पर मन हाय माणसाचं, बदलतं. आमी काय विचारणार न्हाई.” त्या शेवटच्या वाक्यानं मी गार झाले. पुन्हा तोच चांगुलपणा.

आत हे आवाज ऐकून चुकले होते. कडी लागल्याचा आवाज मी स्वयंपाकघरातून ऐकला. अक्का, खरं सांगते, दोन महिन्यांनी माणूस वासानं का होईना हलला होता, आणि मीच नऊ माणसं आणून दारात बसवली. आता हे कायमचे आत राहतील, आणि तुम्ही न्यायला आलात तर अडवायला माझ्याकडे तोंड नाही. मी दाराशी गेले, हळू आवाजात दोन शब्द बोलले आणि ओव्हनकडे परतले.

जेवण तर वाढायलाच हवं. गीताबाईंनी आपल्या घरच्या भाकरी आणल्या, पातेलंभर भात टाकला. मी ओव्हन उघडला, कागद काढला, चिमट्यानं फळी उचलली आणि किंकाळीच फुटायची राहिली. वर आली ती नुसती हाडं. पांढरी स्वच्छ, धुऊन ठेवल्यासारखी. मांस सगळं तबकात पडलेलं. दोन आठवडे अख्ख्यासाठी भांडले आणि अख्खं काही उरलंच नाही. तसंच चमच्यानं वाढलं. तोंड वर करून कुणाकडे बघितलं नाही.

नऊच्या नऊ माना ताटात खाली गेल्या. मला वाटलं, संपलं. तेवढ्यात भागवतराव घास गिळून सगळ्या घराला ऐकू जाईल असं बोलले.

“किशनराव, आवो बाहेर या. ह्याला दात लागंनात. आन् लागले तर माझे घ्या, माझे बी काढायचेच हायत.”

नागनाथरावांना हसू आवरलं नाही. भाताचं शीत नाकात गेलं, ते ठसकले, आणि त्यांच्या मेहुण्यांनी पाठीत बुक्के मारले, आणि मग नऊच्या नऊ हसायला लागले. दोन महिन्यांचं साठलेलं हसू, अक्का. त्या अनोळखी दोघांना कशाचं हसतात ते माहीत नव्हतं, तेही हसत होते. आणि मी ऐकलं तर आतूनही हसू येत होतं. आधी खोकल्यासारखं, मग वर्गातलं, जुनं.

कडी निघाली. हे आले, खांद्यावर पंचा, तोंडात कवळी. भागवतरावांच्या शेजारी सरकून बसले आणि बोटानं नाही, तोंडानं म्हणाले, “मीठ दे.” मांस तीन वेळा वाढून घेतलं. कवळी जागची हलली नाही. भागवतरावांनी हलली का म्हणून वाकून बघितलं, तर ह्यांनी त्यांच्या तोंडाजवळ आ करून दाखवला. माझ्या वाट्याला चमचाभर सार उरलं. ते मी ओट्याशी उभी राहून भाकरीच्या तुकड्यानं पुसून खाल्लं, आणि थोडं रडूनही घेतलं. गीताबाईंना सांगितलं, येसूर नाकात गेला.

आज सकाळी हे कट्ट्यावर जाऊन आले. तेव्हा अक्का, न्यायला यायचं कारण उरलेलं नाही. मी निश्चिंत झाले, तुम्हीही व्हा. घरातल्या सगळ्यांना जयभीम, शेळीला हिरवा चारा.

तुमची,
धम्मशीला

ता. क. दाराशी मी बोललेले दोन शब्द लिहायचे राहिले. मी म्हटलं की अक्कांनी कवळी चार वर्षांपूर्वी केली, त्या रोज लावतात, आणि लावून पेरू खातात. तुम्ही ती एकच दिवस लावलीत हे मला ठाऊक आहे. (निकिता, तुझं नाव सांगितलेलं नाही.) पण ह्यांना तुमचा शब्द म्हणजे कायदा, आणि मला त्या वेळी दुसरा कायदा सुचला नाही.

दुसरा ता. क. येत्या रविवारी अकराच्या एसटीनं आम्ही दोघं येतो आहोत. बहिणीबरोबर बसून पेरू खायचे म्हणून ह्यांनी पेडगावच्या बागेत निरोप धाडला आहे, दोन किलो. म्हणून हात जोडून विनंती, आजपासून रोज अर्धा अर्धा तास तरी लावायची सवय करा. (निकिता, डबी लुगड्यांच्या ट्रंकेत, खालून तिसऱ्या लुगड्याच्या घडीत. कोमट पाण्यानं धू.) दुखलं तर मला बोला, मी ऐकून घेईन. पेरू मीच निवडणार आहे. पिवळे, पार पिकलेले घेईन. शब्द देते.