पंपासाठी नव्हे

प्रिय आई,

आम्ही तिघं बरी आहोत. बाळ जूनी अंग धरतेय, काळजी करू नकोस. तुझा गुडघा कसा आहे?

मारिसा पुन्हा शाळेची बस चालवायला लागली. तिच्या आरोग्य विमा कंपनीने बाळासाठी दूध काढायचा पंप दिला, पण तो प्लगवर चालणारा. बसमध्ये प्लग कुठून आणायचा? तिला कपड्यांच्या आत घालता येईल असा हवा. दुपारपर्यंत छाती दगडासारखी होते तिची, आणि दूध कमी होत चाललंय.

मी कंपनीत फोन केला. तिथली बाई म्हणाली, "तुम्ही तिचे कोण? नवरा का?"

म्हटलं, "बाळाचा बाप."

"मग तुमच्याशी बोलता येणार नाही."

मी ओरडलो. तिने फोन ठेवला.

त्याच तिरीमिरीत मारिसाला म्हणालो, "चल, उद्याच लग्न करू."

"वेडोबा, त्याला लग्न कशाला? तू माझ्या वतीने बोलायला माझी सही पुरते."

सही तिने लगेच दिली. पंपाचं अजून नक्की नाही, आणि तेव्हापासून ती माझ्याशी कामापुरतंच बोलते.

मी कॉलेज तिच्यासाठीच सोडलं ते तुला ठाऊक आहे. तिला फोन केलास तर एवढंच सांग, लग्नाचं मी पंपासाठी विचारलं नव्हतं.

बाबांना यातलं काही सांगू नकोस.

तुझाच,
वेस्ली