म्हणे चैनीची वस्तू

नावन, आयर्लंड, फेब्रुवारी २०२१, मंगळवार संध्याकाळ

अजून डोकं तापलेलंच आहे. विमा कंपनीने ब्रेस्ट पंपाचा खर्च नाकारला. कपड्यांच्या आत बसणारा, वायर नसलेला पंप म्हणे 'चैनीची वस्तू'. चैन? कोविड वॉर्डात पीपीई चढवला की तासन्‌तास उतरवता येत नाही. आज राउंडमध्येच दूध झिरपून स्क्रब्ज भिजले आणि मी पेशंटला ऑक्सिजन लावत तशीच उभी राहिले. ही माझी चैन.

जेवणाच्या सुट्टीत गाडीत बसून कंपनीला फोन केला. तो माणूस गोड आवाजात म्हणाला, "डॉक्टर, दिवसा तुमचे मिस्टर बाळाला बाटली देऊ शकतील ना?"

"देतील की. पण बाटलीत दूध कुठून येणार?"

तो म्हणाला, "नियम आहेत."

घरी आल्यावर निखिल म्हणाला, "सोड ना, आपणच घेऊ." खरंय, आमची तान्ही ईरा काही कंपनीसाठी थांबणार नाही. पंप मागवला. मग कंपनीकडे तक्रार लिहायला बसले.

"आता कशाला? पंप तर येतोय," निखिल म्हणाला.

आमच्या वॉर्डातली नर्स सिनेड बाळंतपणाची रजा संपवून उन्हाळ्यात परत येईल. तिचा विमाही याच कंपनीचा आहे. तक्रार पाठवून दिली.